फ्रेंच बैलाचं वशिंड

किस्से कुणी ठरवून जमवत नाही. आमच्या चित्रकलेच्या वर्गात ब्रश धुवायची टर्पेंटाइनची एक बरणी होती. तिच्यात गाळ कुणी मुद्दाम टाकला नव्हता, पण वर्ष संपताना पाहिलं तर तळाशी चार बोटं रंगीत चिखल! आमच्या शनिवारांचं तसंच झालं. गेलो होतो चित्रं शिकायला, आणि परत आलो ते मंदाताईंची वाक्यं घेऊन. आता चार जण जेवायला जमले की एक म्हणतो, "तो गाईचा सांग," दुसरा म्हणतो, "नाही, आधी परीक्षेचा!" तेव्हा म्हटलं, एकदाचं लिहूनच काढावं.

काळ दोन हजार पंधरा-सोळाचा. गाव आइंडहोव्हन. मी मूळ नाशिकची, तिथे चिप बनवणाऱ्या यंत्रांच्या टेस्टिंगमध्ये होते. पराग पुण्याचा, कोथरूडचा, सॉफ्टवेअरवाला. आणि मंदाताई कऱ्हाडजवळच्या एका हायस्कुलात बावीस वर्षं चित्रकला शिकवणाऱ्या. त्यांचे यजमान दिलीपराव यांना कंपनीने दोन वर्षांसाठी इकडे पाठवलं, म्हणून या बिनपगारी रजा टाकून आलेल्या. वस्तीच्या बुर्टहाउसमध्ये, म्हणजे आपल्याकडच्या समाजमंदिरासारख्या हॉलमध्ये, दर शनिवारी सकाळी हेन्नी चित्रकलेचा वर्ग घ्यायची. निवृत्त डच शिक्षिका. वय सत्तर, उंची सहा फूट, आवाज हेडमास्तरांचा. वर्गात दहा डच आणि आम्ही तीन मराठी.

*

पहिल्याच शनिवारी हेन्नीने सांगितलं, "इथे येताना वाटेत जे दिसलं ते आठवून काढा. दोन तास देते."

दोन तासांनी सगळी चित्रं भिंतीला टेकवून ठेवली. डच लोकांची दहा चित्रं दहा तऱ्हांची. एकीने नुसती सायकलची घंटी काढली होती. एकाने बसची ओली काच. आणि आमची तिन्ही चित्रं... एकच! डावीकडे पुढे मोठं झाड, मागे लहान लहान घरं, मधून रस्ता, आणि पुढे तीन माणसं. तिन्ही पाठमोरी. पावलं गवतात. हात खिशात.

आम्ही एकमेकांच्या कागदाकडे ढुंकूनही पाहिलं नव्हतं, शपथेवर सांगते! पण तिघांनीही शाळेत असताना एलिमेंटरी आणि इंटरमिजिएट या चित्रकलेच्या परीक्षा दिलेल्या. मंदाताईंनी तर त्या परीक्षांना शेकड्यांनी पोरं बसवलेली. आणि स्मरणचित्राचा फॉर्म्युला अख्ख्या महाराष्ट्रात एकच. चेहरा जमत नाही? माणूस पाठमोरा करा. पाऊल जमत नाही? गवत वाढवा. बोटं जमत नाहीत? हात खिशात घाला.

हेन्नीने तिन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले. मग तिने अगदी काळजीने विचारलं, "तुमच्या देशात लोकांना चेहरे नसतात का?"

मी आणि पराग आपापल्या बुटांकडे बघायला लागलो. मंदाताई मात्र उठून उभ्या राहिल्या. त्यांचं इंग्रजी मोडकं होतं, पण त्याची लाज त्यांना कधीही वाटली नाही. म्हणाल्या, "फेस आहे! फेस प्लेंटी आहे! पण टाइम ओन्ली टू अवर्स!"

*

हेन्नीच्या वर्गाची एक पद्धत होती. वर्षभर एकच चित्रकार घ्यायचा. त्याचं आयुष्य वाचायचं, त्याची चित्रं उतरवायची, आणि वर्षाच्या शेवटी गावातल्या वाचनालयाच्या भिंतीवर त्या प्रतिकृतींचं प्रदर्शन लावायचं.

डच मंडळींनी हौसेने आपापले डच पुरुष सुचवले. त्या देशात दगड उचलला तरी खाली एखादा थोर चित्रकार निघतो! हेन्नी वैतागली. "नऊ वर्षं नुसते दाढीवाले करतोय आपण," ती म्हणाली. "यंदा बाई."

आणि तिने एक जाडजूड पुस्तक टेबलावर आदळलं. एकोणिसाव्या शतकातली फ्रेंच चित्रकार. माणसांपेक्षा जनावरं रंगवणारी. घोडे, मेंढ्या, बैल. आमच्या जिभेला ते फ्रेंच नाव काही वळेना, म्हणून आम्ही तिला नुसतं 'बाई' म्हणायला लागलो. तिसऱ्या आठवड्यापासून डच लोकसुद्धा 'बाई' म्हणायला लागले.

या बाईंचं काम सोपं नव्हतं. घोडेबाजारात जायचं, कत्तलखान्यात उभं राहून स्नायू-हाडं बघायची, आणि हे सगळं लांब झग्यात! चिखलात झगा लोळतोय, भोवती टगे शिट्ट्या मारतायत. मग बाईंनी पँट घालायचं ठरवलं. पण तेव्हा फ्रान्समध्ये बाईने पुरुषाचे कपडे घालायला पोलिसांचा परवाना लागायचा. बाईंनी तो रीतसर काढला. वर दर सहा महिन्यांनी नवा करायचा!

पराग एकदम ताठ बसला. त्याची इथल्या रहिवासाची कागदपत्रं तेव्हा कुठेतरी अडकलेली होती. "सहा महिने?" तो म्हणाला. "पँटचा व्हिसा आपल्या व्हिसापेक्षा वाईट आहे की!"

मंदाताई त्या दिवशी घरी गेल्या आणि कपाटातून दिलीपरावांची ट्रॅकसूटची पँट काढली. तोवर त्या साडी सावरत चालत वर्गाला यायच्या, कारण साडीत सायकल जमत नव्हती. दिलीपराव माणूस सरळ, पण लोक काय म्हणतील याची त्यांना फार धास्ती. कऱ्हाडचे लोक निदान ओळखीचे तरी होते. इथले लोक कोण तेही ठाऊक नाही, तरी धास्ती! ते म्हणाले, "मंदा, अगं निदान विचारायचंस तरी."

"कुणाला विचारू?" मंदाताई पँटची नाडी आवळत म्हणाल्या. "तुम्हाला का पोलिसांना?"

पुढच्या शनिवारी त्या सायकलवरून आल्या. दोनदा पडून आल्या, पण सायकलवरूनच आल्या.

*

परागने बाईंचं घोडेबाजाराचं चित्र घेतलं. प्रचंड चित्र आहे ते. उधळलेले घोडे, त्यांना आवरणारी माणसं, नुसती धूळ आणि रग. साधा माणूस ते बघून म्हणेल, वा! पराग पडला सॉफ्टवेअर टेस्टर. त्याने लॅपटॉपवर चौकटी पाडल्या आणि दोन शनिवार चित्र काढायच्या ऐवजी नुसते पाय मोजले.

तिसऱ्या शनिवारी तो हेन्नीकडे कागद घेऊन गेला. "प्रत्येक घोड्याला चार पाय धरले तर हिशेब जुळत नाही. बरेच खूर मिसिंग आहेत. हा बग आहे."

"ती धूळ आहे," हेन्नी म्हणाली. "धुळीत पाय दिसत नाहीत."

"म्हणजे डॉक्युमेंटेशन नाही!"

हेन्नीने त्याला एक शनिवार फक्त धूळ काढायला बसवलं. तपकिरी, करडी, पिवळट धूळ. संध्याकाळी त्याचा मला मेसेज आला, 'धूळ फार अवघड आहे. पाय सोपे होते.'

*

आता गाईचा.

बाई जनावरांच्यात राहून जनावरं शिकल्या, तेव्हा आपणही जायचं, असं हेन्नीने फर्मान काढलं. वसंतात तिकडे एक गंमत असते. थंडीभर गोठ्यात कोंडलेल्या गाईंना पहिल्यांदा कुरणात सोडतात, आणि त्या थोराड गाई अक्षरशः नाचतात! शेपट्या वर, मागचे पाय हवेत. आसपासची माणसं पोराबाळांना घेऊन बघायला येतात. आम्हीही कागद-कोळसा घेऊन टून नावाच्या शेतकऱ्याच्या गोठ्यावर गेलो.

गाई नाचल्या. आम्ही टाळ्या वाजवल्या. चित्र मात्र कुणाचंच होईना, कारण गाय एका जागी थांबेना. तेवढ्यात मंदाताई कुंपणाखालून वाकून सरळ आत!

टून ओरडला. मंदाताईंनी मागे वळूनही पाहिलं नाही. एका काळ्यापांढऱ्या गाईजवळ गेल्या, "हो, हो, बाय माझी, हो," करत तिच्या गळ्याखालची लोंबती पोळी खाजवायला लागल्या. गाय थांबली. मान लांब केली. डोळे मिटले. मग मंदाताई चालायला लागल्या आणि गाय त्यांच्या मागे. आम्ही कुंपणाबाहेर ओळीने उभे आणि गाय आमच्यासमोर येऊन पोझ देऊन उभी!

पराग हळूच मला म्हणाला, "तीन वर्षं डच शिकतोय मी. एका माणसाला कळत नाही माझं. ताईंचं मराठी गाईला एका मिनिटात कळलं!"

टूनचा राग पळाला. त्याला वाटलं, ही बाई जाणकार दिसते. तो मंदाताईंना विचारायला लागला, तुमच्याकडे गाईबैल कसे असतात? मंदाताईंनी फोन काढून त्यांच्या भावाच्या दावणीचा खिल्लार बैल दाखवला. पांढराशुभ्र, लांब शिंगं, आणि खांद्यावर हे एवढं डौलदार वशिंड. टूनने फोटो मोठा केला. त्याचा चेहरा पडला. त्याने वशिंडावर बोट ठेवलं.

"केवढी सूज आहे ही," तो म्हणाला. "डॉक्टरला दाखवलं का?"

मी भाषांतर केलं. मंदाताईंनी फोन काढून घेतला, त्या गाईच्या सपाट पाठीकडे पाहिलं आणि म्हणाल्या, "त्याला विचार, हिला तर अजिबातच नाही. हिला दाखवलं का डॉक्टरला?"

*

मंदाताईंनी उतरवायला घेतलं होतं ते बाईंचं नांगरणीचं चित्र. दोन औतं, एकेकाला सहा-सहा बैल, ओली ताजी ढेकळं, वर मोकळं आभाळ. दीड मीटर लांब कॅनव्हास. घरी ठेवायला जागा नव्हती, म्हणून ते वर्गातच मागच्या भिंतीला असायचं. वर कापड.

ढेकळं त्यांनी अशी केली होती की हेन्नी बोट लावून बघायची. आकाशही तसंच. बैलांना मात्र त्या हात लावेनात. चित्राच्या छापील कागदाला नाक लावून बसून राहायच्या. एकदा मला जवळ बोलावून म्हणाल्या, "हे बघ. जू शिंगाला बांधलंय. खांद्यावर नाहीच! मान मोडेल की बैलाची."

"फ्रान्समध्ये तसंच बांधत असतील ताई."

"बांधत असतील. त्यांच्या बैलांना वशिंड नाही, बिचारे करतील काय!"

पुढच्या शनिवारी हेन्नीने कापड काढलं. सगळ्यात पुढचा बैल पूर्ण झाला होता. काय बैल होता! ओला श्वास, जड पापणी, ताणलेली मांडी. आणि खांद्यावर भक्कम, कातीव वशिंड! त्याला टेकून जू.

हेन्नीने चष्मा काढला, पुसला, परत घातला. "मंदा, हे काय आहे?"

"वशिंड."

"मूळ चित्रात ते नाही."

"हो. बाईंना दिसलं नाही. त्यांचा दोष नाही."

हेन्नीने नेहमीचं ऐकवलं. जे माहीत आहे ते काढू नका, जे दिसतं ते काढा. मंदाताई शांतपणे म्हणाल्या, "मॅडम, मी डोळे मिटले तरी मला बैल असाच दिसतो."

हेन्नी चिडली नाही. तिने वाकून तो एक बैल जवळून पाहिला आणि मग ती दुसऱ्या विद्यार्थ्याकडे गेली. बाकीचे अकरा बैल मंदाताईंनी बाईंच्या चित्राबरहुकूम केले, पाठी सपाट. मी विचारलं तर म्हणाल्या, "पाहुणे आहेत ते. पुढचा माझा."

*

डच माणूस वेळ ठरवल्याशिवाय कुठे जात नाही. सख्ख्या बहिणीकडे कॉफीला जायचं तर दोन आठवडे आधी डायरी उघडतात! त्यामुळे वाचनालयाच्या प्रदर्शन समितीचा वाउटर एका शनिवारी न कळवता दारात उभा राहिला, तेव्हाच आम्ही समजलो, काहीतरी गंभीर आहे.

त्याने एकेक चित्र पाहिलं. मंदाताईंच्या चित्रापुढे थांबला. छापील कागद बाजूला धरला. मग अतिशय सभ्यपणे, अगदी हसून म्हणाला, की वाचनालयाची भिंत फक्त प्रतिकृतींसाठी आहे. पुढच्या बैलावर एक 'फाउट्ये' झालं आहे. म्हणजे छोटीशी चूक. ती काढली की चित्र मधल्या मोठ्या जागेवर लावू. नाहीतर लावता येणार नाही.

मंदाताईंनी ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "तोंडी नको. लेखी द्या."

वाउटरला वाटलं, आपल्याला नीट कळलं नाही. मी परत सांगितलं. लेखी. सहीनिशी. आणि शिक्का!

"शिक्का?" वाउटर गोंधळला. "आमच्या समितीला शिक्का नाही."

"मग ऑर्डर कशी मानू?" मंदाताई म्हणाल्या. बावीस वर्षं सरकारी अनुदानित शाळेत काढलेलं माणूस! साधा रंगाचा डबा बदलायचा तर तीन प्रतींत अर्ज केलेला.

मंगळवारी पत्र आलं, शुक्रवारी दुपारी तीनपर्यंत दुरुस्ती करा म्हणून. बिचाऱ्या वाउटरने वाचनालयाचे जुने खण उपसले असणार. पत्राच्या खाली सही होती, आणि सहीशेजारी निळ्या शाईत गोल शिक्का. पूर्वी पुस्तकांवर मारायचे तो. 'परत करण्याची मुदत', आणि पुढे शुक्रवारची तारीख.

मंदाताईंनी ते पत्र फ्रिजवर चुंबकाने लावलं. "आता कसं," म्हणाल्या, "ऑफिशियल झालं."

*

हा खरं तर किस्सा नाही. पण हे सांगितल्याशिवाय पुढचं सांगण्यात अर्थ नाही.

बुधवारी मी त्यांच्याकडे गेले. दिलीपराव सोफ्यावर बसून एकच वाक्य घोळवत होते. "लोकांच्या बैलाला आपण कशाला हात लावायचा? काढून टाक, विषय संपेल." मंदाताई पोहे परतत होत्या.

मीही दिलीपरावांच्या बाजूने बोलले. आज त्याची लाज वाटते, पण बोलले. "ताई, एवढंसं तर आहे. चार ब्रश मारले की गेलं. चित्र तरी लागेल."

त्यांनी गॅस बंद केला. उजव्या हाताचा अंगठा माझ्यासमोर धरला. त्यावर जाड घट्टा. "टाचण्या दाबून झालाय हा," त्या म्हणाल्या. "बावीस वर्षं पोरांची चित्रं भिंतीला लावली. तालुक्याला लावली, जिल्ह्याला लावली. माझं एक नाही लागलं, गं. कधी कुणी म्हणालंच नाही, बाई, तुमचं आणा. घरात पण नाही. घरात कॅलेंडर आहे."

दिलीपरावांनी मान खाली घातली.

"दोन महिन्यांनी आम्ही परत जाणार. मग परत पोरं आणि परत पाठमोरी माणसं. ही एक भिंत आहे बघ माझ्या वाट्याची. मला ती पाहिजे. लई पाहिजे."

"मग काढा ना ते वशिंड!"

"माझं पहिलं चित्र कागदावर नव्हतं," त्या म्हणाल्या. "बेंदराला बैल रंगवायचे आमच्याकडं. शिंगं दादा, म्हणजे माझे वडील, रंगवायचे. अंगावर ठिपके आई काढायची. मी सहा वर्षांची. मी रडायला लागले, मला पण पाहिजे. तेव्हा दादांनी मला उचलून घेतलं आणि म्हणाले, वशिंड तुझं. गुलालानं हात भरला आणि मी ते सगळं वशिंड रंगवलं. तो बैल हलला नाही, बघ. तुम्ही सगळे म्हणताय तेवढं पुसून टाक. बाकी ठेव!"

पोहे गार झाले. आम्ही तिघांनी ते तसेच खाल्ले.

घरी जाताना मला स्वतःचा फार राग आला. ऑफिसात दोन महिन्यांपूर्वी साहेबांनी माझ्या रिपोर्टमधून एक ओळ काढायला सांगितली होती. ती खरी होती, गैरसोयीची होती, आणि मी ती निमूट काढली होती. तेव्हाही मी हेच म्हटलं होतं, एवढंसं तर आहे.

*

शुक्रवार. दुपारी तीनला पाच कमी. प्रदर्शन दुसऱ्या दिवशी सकाळी उघडणार, बाकीची बारा चित्रं वाचनालयात पोचलेली. वर्गात फक्त मंदाताईंचं चित्र ईझलवर. मी अर्धी सुट्टी टाकून आले होते. परागही आला होता. तो वाटेत मला सांगत होता, की तडजोड म्हणून वशिंडावर धूळ उडवता येईल, त्याला आता धूळ येते. हेन्नी खुर्चीवर, हात बांधून. दिलीपराव ऑफिसच्या कपड्यांत दाराशी.

मंदाताई ट्रॅकसूटवर एप्रन बांधून उभ्या होत्या.

तीनच्या ठोक्याला वाउटर आला. हातात मोजपट्टी आणि पत्राची प्रत. त्याने चित्राकडे पाहिलं. वशिंड जागच्या जागी. "तुम्ही दुरुस्त केलं नाही," तो म्हणाला. आवाजात खरंच वाईट वाटलेलं होतं.

"आत्ता करते," मंदाताई म्हणाल्या. "तुमच्यासमोर."

त्यांनी पॅलेटवर पांढरा घेतला. त्यात पिवळी माती. चिमूटभर करडा. परागने माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे पाहिलं नाही. दिलीपरावांनी सुटकेचा निःश्वास सोडला, तो मला ऐकू आला.

मंदाताईंनी ब्रश उचलला. पुढच्या बैलाजवळ नेला. आणि तिथून तो उचलून पलीकडे, दुसऱ्या बैलाच्या खांद्यावर टेकवला. मनगट एकदाच फिरलं. वशिंड!

कुणालाच काही कळलं नाही. तोवर तिसरा. मग चौथा. हात थांबतच नव्हता. पहिलं औत संपलं.

वाउटरने तोंड उघडलं. "मॅडम..."

"यू आर राइट, सर," मंदाताई चित्रावरची नजर न काढता म्हणाल्या. "एकाच बैलाला असलं तर चूक दिसते. व्हेरी स्मॉल मिस्टेक. करेक्ट करतेय."

हेन्नी खुर्चीवरून उठली. मला वाटलं, आता ही थांबवणार. ती खिडकीपाशी गेली आणि पडदा पूर्ण बाजूला केला. उजेड सरळ कॅनव्हासवर पडला. मग ती परत येऊन जागेवर बसली.

मागचं औत लहान, बैल एकमेकांच्या आड. मंदाताईंनी बारीक ब्रश घेतला. सात. आठ. नऊ. त्यांनी ब्रश खाली ठेवला आणि एप्रनला हात पुसले.

"मंदा," दाराकडून दिलीपरावांचा आवाज आला. ते दोन पावलं पुढे आले. "मागचा तिसरा राहिला. तो, त्या पांढऱ्याच्या पलीकडचा."

मंदाताईंनी वळून त्यांच्याकडे पाहिलं. मग चित्राकडे. मग परत ब्रश उचलला आणि तो केला. त्याच्यामागे लपलेले दोन होते, तेही केले. बारा.

वाउटर उभाच होता. त्याने हातातल्या पत्राकडे पाहिलं, शिक्क्याकडे पाहिलं, घड्याळाकडे पाहिलं. मग चित्राकडे. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, एकेका बैलाकडे. शेवटी त्याने पत्राच्या चार घड्या घालून ते खिशात टाकलं, कोट काढून खुर्चीवर ठेवला, बाह्या दुमडल्या आणि ईझलच्या एका बाजूला जाऊन उभा राहिला.

"तुम्ही तिकडून घ्या," तो दिलीपरावांना म्हणाला. "आणि कडेलाच धरा. रंग ओला आहे."